रिकाम्या मैदानावरची खार

दाट जंगलाच्या उगवतीच्या टोकाला, बांबूच्या बेटाखाली बीळ करून एक साळिंदर राहत असे. मुलांनो, या साळिंदराकडे एक जुना संगणक होता. जंगलात संगणक कुठून आला, वीज कुठून आली, असले प्रश्न मला विचारू नका. कोल्हा बोलतो हे तुम्ही निमूट ऐकून घेता, मग साळिंदराने संगणक चालवला तर बिघडले कुठे? साळिंदर स्वभावाने फार काटेकोर. बिळाच्या तोंडाशी पाला किती पसरायचा याचेही त्याचे माप ठरलेले. एक क्षण फुकट गेला तरी त्याच्या पाठीवरचे काटे उभे राहत. म्हणून खेळातसुद्धा त्याने आपले नाव 'काटेकोर' असेच ठेवले होते.

त्या खेळाचे नाव मोर्चेबंदी. लाल आणि निळे असे दोन पक्ष, प्रत्येकाच्या हाती बंदूक, आणि समोरच्या पक्षाचा मोर्चा जिंकायचा. हा खेळ एकट्याने खेळायचा नव्हे. जंगलातले कोणीतरी आपल्या संगणकावर मैदान चालू ठेवी, त्याला सर्व्हर म्हणत, आणि बाकीचे आपापल्या बिळातून, ढोलीतून, घरट्यातून त्या मैदानावर उतरत. खेळ उघडला की सगळ्या सर्व्हरांची यादी समोर येई. मैदानाचे नाव, आणि पुढे सोळा जागांपैकी किती भरल्या त्याचा आकडा. एके काळी तरसाच्या सर्व्हरवर जागा मिळवायची तर संध्याकाळपासून ताटकळत बसावे लागे.

तरसाच्या त्या मैदानावरच साळिंदराची शेंगदाण्याशी गट्टी जमली. शेंगदाणा हे खेळातले नाव. खरी ती एक खार होती, नदीपलीकडे कुठेशी राहणारी. सहा वर्षे दोघे एकाच पक्षात खेळले. पडक्या गिरणीच्या वरच्या खिडकीतून खार नेम धरी आणि शिडीने कोणी चढून येऊ नये म्हणून खाली साळिंदर पहारा करी. खारीचा नेम अचूक, पण तिला एका जागी दोन क्षण बसवत नसे. ती सारखी खिडकी सोडून पळे, आणि साळिंदर खालून लिहून पाठवी, "जागेवर बस." ती लिही, "बसलेय की," आणि पुन्हा पळे. दोघांनी एकमेकांना कधी पाहिले नव्हते. कुठल्या झाडावर राहतेस, एवढेसुद्धा साळिंदराने तिला कधी विचारले नाही. विचारायची गरजच काय होती? रोज खेळ मोडताना ती लिहून जायची, "उद्या याच वेळी," आणि उद्या याच वेळी ती असायची.

मग नवे खेळ आले. त्यांत पाणी खऱ्यासारखे वाहत होते, गवत खऱ्यासारखे हलत होते. वानरांचा अख्खा कळप तिकडे गेला, मग हरणे गेली, मग रानडुकरे गेली. मोर्चेबंदीची मैदाने ओस पडू लागली. आणि एका उन्हाळ्यात तरसाचा संगणक जळाला. तरसाने तो दुरुस्त केला नाही. "कोण खेळतंय आता ते?" एवढे म्हणून ते आपल्या कामाला लागले. दुसऱ्या दिवशी साळिंदराने यादी उघडली तर तरसाच्या सर्व्हरचे नावच नव्हते, आणि उद्या याच वेळी म्हणालेली खार कोणत्या मैदानावर गेली हे सांगायलाही कोणी नव्हते.

खारीला गाठायची साळिंदरापाशी एकच वाट होती, ती म्हणजे हा खेळ. अजून चाळीसेक सर्व्हर यादीत शिल्लक होते. ती यांतल्याच एखाद्यावर असणार, असे म्हणून ते एकेक मैदान पालथे घालू लागले. मैदानावर उतरायचे, इकडेतिकडे बघायचे, दहापर्यंत मोजायचे, कोणी दिसले नाही की बाहेर पडायचे. चार दिवस हाच उद्योग, तरी यादीचा तळ काही गाठला गेला नाही. शेवटी कंटाळून ते कोल्ह्याकडे गेले, कारण जंगलात अक्कल विकत नको असली तरी कोल्हा ती फुकट देतोच.

कोल्हा म्हणाला, "साळिंदरदादा, तुम्ही मुलखाचे भोळे. रिकामी घरं कशाला ठोठावता? हे बघा, यादीच्या वर एक चाळणी आहे. तिला सांगायचं, ज्या मैदानावर सहापेक्षा कमी गडी, ते मला दाखवूच नको. मग नुसती भरलेली मैदानं दिसतील. तुमची मैत्रीण खेळत असेल तर गडी असतील तिथेच असेल ना? एकटीच कुठे भिंतीवर गोळ्या झाडत बसणार आहे?"

साळिंदराला हे अगदी पटले. वेळ वाचवणारी गोष्ट त्याला नेहमीच पटत असे. त्याने चाळणी लावली, आणि चाळीस नावांची यादी आकसून एका नावावर आली. मैदानाचे नाव 'पिंपळपार', आणि पुढे आकडा सोळापैकी पंधरा. साळिंदराच्या अंगात बळ आले. ते धावतच मैदानावर उतरले आणि त्याने सगळ्यांसाठी लिहिले, "रामराम मंडळी. शेंगदाणा आहे का इथे?"

कोणी उत्तर दिले नाही. लाल पक्षातले सात जण एका ओळीत धावत गेले आणि त्याच त्या भिंतीवर जाऊन आपटले. मागे फिरले, पुन्हा धावले, पुन्हा आपटले. साळिंदराने त्यातल्या एकाला गोळी घातली. पडता पडता तो म्हणाला, "छान खेळलात." दुसऱ्याला घातली, तोही म्हणाला, "छान खेळलात." साळिंदराने बंदूक खाली केली. ते बॉट होते. म्हणजे खेळणारे कोणी नसताना यंत्राने उभे केलेले खोटे गडी. आकड्यात मात्र ते खऱ्यासारखेच मोजले जात.

सर्व्हर चालवणारा होता कावळा. साळिंदराने त्याला विचारले, "कावळोबा, ही काय फसवणूक?"

"फसवणूक कसली?" कावळा म्हणाला. "लोक आम्हाला बुजगावणी दाखवून पळवतात. मी बुजगावणी दाखवून बोलावतो. रिकाम्या मैदानावर कोणी उतरत नाही, दादा. गर्दी दिसली की गर्दी येते."

"मग आली का?"

कावळ्याने मान तिरकी केली. "येतात एकेक. तुमच्यासारखे. रामराम म्हणतात आणि जातात."

मुलांनो, शहाण्याने इथे चाळणी काढून टाकली असती. साळिंदराने ती काढली नाही. सहापेक्षा कमी गडी असलेल्या मैदानाकडे बघणे म्हणजे वेळेची नासाडी, हे त्याच्या मनात पक्के बसले होते. ते रोज दिवेलागणीला खेळ उघडी, चाळलेली यादी पाही, पिंपळपाराचे पंधरा बॉट पाही, आणि बंद करी. कधी एखाद्या सुट्टीच्या दिवशी दूरच्या डोंगरावरचे एखादे मैदान सात-आठ गड्यांनी भरे. तिथे गोळी आज झाडावी आणि उद्या लागावी इतके ते दूर. तरी साळिंदर जाई, खारीचे नाव शोधी आणि परत येई. पाऊस आला, ओढे भरले, बांबूला नवे कोंब फुटले. साळिंदराचे खाण्यावरचे लक्ष उडाले. मुळे खणून आणायचे आणि तशीच टाकून द्यायचे. आपल्याला एवढे काय झाले आहे हे त्याचे त्यालाही समजत नव्हते, पण रोज संध्याकाळी यादी बंद करताना त्याला रडू येई.

पाऊस सरता सरता एके संध्याकाळी साळिंदराने खेळ उघडला तर यादीत काहीच नव्हते. कावळ्यानेही दुकान गुंडाळले होते. चाळणीतून खाली पडायला एक दाणाही उरला नव्हता. आता वाचवायचा तरी कुठला वेळ, असे म्हणून साळिंदराने चाळणी काढून टाकली. अकरा मैदाने समोर आली, सगळ्यांपुढे शून्य. त्यातले सर्वांत खालचे नाव होते 'जुनी विहीर'. साळिंदर तिथे उतरले, कारण कुठेतरी उतरायचे होते.

मैदान त्याच्या ओळखीचे निघाले. तीच पडकी गिरणी, तीच शिडी, तीच वरची खिडकी. त्याने नेहमीप्रमाणे दहापर्यंत मोजायला सुरुवात केली. आठवर आले असेल नसेल तोच समोर अक्षरे उमटली.

"काटेकोर म्हणजे तुम्हीच का?"

लिहिणारा बेडूक होता. एका विहिरीत त्याचा मुक्काम, आणि हा सर्व्हर त्याचा. म्हातारा झाला होता, स्वतः खेळत नसे, पण सर्व्हर बंद करायचे त्याच्या जिवावर येई.

"मीच," साळिंदराने लिहिले. "तुम्हाला कसं माहीत, आजोबा?"

"माहीत नसून कसं चालेल? एक खार यायची इथे. शेंगदाणा नावाची. आली की पहिला प्रश्न हाच, आजोबा, काटेकोर येऊन गेला का?"

साळिंदराचे सगळे काटे एकदम खाली बसले. त्याने लिहिले, "कधी यायची?"

"दिवेलागणीला. उन्हाळ्यात तो तरसाचा सर्व्हर बंद पडला ना, त्याच्या दुसऱ्या दिवशी आली. म्हणाली, हीच गिरणी आहे इथे, म्हणजे तो मला शोधत इथेच येणार. मग रोज यायची आणि त्या खिडकीत बसायची."

"बसायची? एका जागी?"

"हलायची नाही. मी म्हणायचो, पोरी, जरा फिर मैदानात, पाय मोकळे कर. तर म्हणायची, नको, तो आला आणि मी जागेवर नसले तर ओरडेल. सबंध पावसाळा बसली. यादीत आमच्या नावापुढे सोळापैकी एक असा आकडा असायचा, तो एक म्हणजे ती."

साळिंदराला पुढे विचारायचे धैर्य होईना. पण न विचारून करणार काय? "मग आता कुठे आहे?"

बेडकाने लिहिले, "चार दिवसांपूर्वी मला म्हणाली, आजोबा, मी इथे बसलेय हे यादीत सगळ्यांना दिसतं का हो? मी म्हणालो, दिसतं तर. बाहेरूनच दिसतो, आमच्या नावापुढचा तो एक. ती म्हणाली, म्हणजे त्याला दिसतेय मी, आणि तो येत नाहीये. त्याच संध्याकाळी खेळ काढून टाकला तिने. नंतर आली नाही."

"मला दिसत नव्हती," साळिंदराने लिहिले. "आजोबा, मला दिसत नव्हती. मी चाळणी लावली होती."

"चाळणी? ती काय असते?" बेडकाने विचारले. विहिरीत राहणाऱ्याला ती कशाला लागेल? त्याच्या यादीत जे होते ते सगळे त्याला दिसत होते.

साळिंदराने त्याला चाळणी समजावून सांगितली. बेडकाने ऐकून घेतले. "राहते कुठे ती? सांगून गेली का काही?" साळिंदराने विचारले. बेडूक म्हणाला, "मी विचारलं नाही. तुम्ही विचारलं होतं का कधी?" साळिंदर दुसऱ्या दिवशी नदीवर गेले. पाणी ओसरले होते. पलीकडे जाऊन ते झाडाझाडाखाली उभे राहिले आणि शेंगदाणा, शेंगदाणा अशा हाका मारत फिरले. पुष्कळ खारी खाली डोकावल्या. हे येडे साळिंदर शेंगदाणे मागत हिंडते आहे असे समजून एकीने त्याच्यापुढे एक शेंग टाकली. तिचे तरी काय चुकले? त्या खारीला काटेकोर ठाऊक असला तरी साळिंदर ठाऊक नव्हते. तीच ती होती की दुसरी कोणी, हे साळिंदराला ओळखता आले नाही.

त्या दिवसापासून साळिंदर रोज दिवेलागणीला जुन्या विहिरीच्या मैदानावर येऊन बसू लागले. दहापर्यंत मोजायचे त्याने सोडून दिले. बेडूक कधी दोन शब्द बोले, कधी झोपलेला असे. थंडी पडली तरी कोणी आले नाही. एका संध्याकाळी मात्र आकडा एकाचा दोन झाला. कोणी नवाच गडी होता, नाव अनोळखी. मैदानाच्या तोंडाशी उभा राहून तो इकडेतिकडे पाहत होता. साळिंदराने घाईघाईने लिहायला घेतले, "थांबा, मी आहे इथे, आपण दोघे मिळून", आणि तेवढ्यात आकडा पुन्हा एक झाला. त्या गड्याने दहापर्यंतसुद्धा मोजले नव्हते. साळिंदराने अर्धे वाक्य तसेच पाठवून दिले. ते वाचायला मैदानावर त्याच्याशिवाय कोणी नव्हते. दुसऱ्या दिवशी ते दिवेलागणीच्या थोडे आधीच येऊन बसले.

तात्पर्य : भरलेले मैदान सगळ्यांनाच हवे असते, पण रिकाम्या मैदानावर थांबायला कोणी तयार नसेल तर ते भरणार कसे? आणि मुलांनो, जो आपली वाट पाहत असतो तो बहुधा गर्दीत नसतो, एकटाच बसलेला असतो. गर्दी शोधणाऱ्याला तो सापडत नाही.