लपणाची चिंधी

“मग चिंधी बांधू तरी कुठं, बाबा? बिबट्याच्या शेपटाला?”

बयाजी हे हसत हसत म्हणाला. गुरूशी असं थट्टेनं बोलायची त्याची ही पहिलीच वेळ. पण आज गडी भलत्याच खुशीत होता, आज त्याच्या जिभेला आवर कोण घालणार?

हैबतशा बाबा काठी टेकून करवंदीच्या जाळीकडे बघत होते.

खुशीला कारणही तसंच होतं. बयाजीनं बांधलेलं लपण बाबांना सापडलं नव्हतं. लपण म्हणजे शिकाऱ्यानं दडून बसायची जागा. बाबा त्याच्या छपरापासून हाताच्या अंतरावर उभे होते, आणि तरी विचारत होते, “कुठं केलंयस रं?”

हे विचारणारे कोण, तर हैबतशा! आता आंबेघोळच्या खिंडीत दर्ग्याजवळ राहणारे फकीर. पण फकिरी घ्यायच्या आधी संस्थानाचे शिकारी. या मुलखात लपण कसं बांधावं हे ज्याला ज्याला येत होतं, तो त्यांच्याकडूनच शिकलेला. बयाजी तर मिसरूड फुटल्यापासून त्यांच्या मागं मागं हिंडत होता.

आणि इतक्या वर्षांत बाबांच्या तोंडून एक शब्द त्याला ऐकायला मिळाला नव्हता.

“जमलं.”

बयाजी लपण बांधायचा, बाबा येऊन बघायचे, आणि म्हणायचे, “अजून न्हाई.” बास. पुढं काही नाही. काय चुकलं, कुठं चुकलं, विचारायची सोय नाही. बयाजी घरी येऊन बायकोवर चिडायचा. बायको म्हणायची, “मला काय सांगता? मी काय लपण बांधते व्हय?”

आज मात्र त्यानं जीव ओतून काम केलं होतं. फांद्या जवळच्या तोडल्या नव्हत्या, ओढ्यापलीकडून आणल्या होत्या. ताज्या तोडीची जागा जनावराला पांढरी दिसते. प्रत्येक फांदी पानांची पाठ खाली ठेवून खोचली होती. बसायच्या जागेचा पालापाचोळा झाडून काढला होता, म्हणजे कूस बदलली तरी आवाज नको. बंदुकीच्या नळीला चिखल माखला होता. सकाळपासून तंबाखूची चिमूट तोंडात टाकली नव्हती, आणि ज्याला बयाजीची तंबाखू ठाऊक आहे त्यालाच यातली तपश्चर्या कळेल.

“सापडंना मला,” बाबा शेवटी म्हणाले.

बयाजीची छाती फुगली. त्यानं पुढं होऊन एक फांदी हळूच बाजूला सारली. आत खड्डा, बसायला घोंगडं, समोर नेम धरण्यापुरती फट. फटीतून खालच्या घळीतलं मारलेलं वासरू सरळ दिसत होतं. बिबट्यानं पहाटे मारलेलं. अर्धं खाऊन गेला होता, म्हणजे उरलेलं खायला दिवस कलता कलता येणार, हे नक्की.

तो यायलाच हवा होता. गुरवाच्या कृष्णाबाईला त्यानं पाणवठ्यावर खांद्याला धरून ओढलं होतं. घागर आपटून आरडाओरडा झाला म्हणून बाई वाचली. तेव्हापासून गावात ऊन उतरलं की दारं बंद. पोरं अंगणात नाहीत, गुरं गोठ्यात हंबरतात. सगळ्या गावाचे डोळे बयाजीच्या बंदुकीकडे लागलेले.

“बोला की, बाबा. जमलं का?”

“चिंधी कुठंय?”

तर ही अशी गोष्ट निघाली चिंधीवरून.

आंबेघोळचा रिवाज असा, की लपण बांधलं की त्याच्या गावाकडच्या अंगाला, माणसाच्या उंचीवर, पांढरी चिंधी बांधायची. गावातल्या कुणालाही ती दिसली की त्यानं तिथंच थांबायचं, हाक मारायची, आतून ओ आल्याशिवाय पाऊल पुढं टाकायचं नाही. शेंबड्या पोरालाही हे ठाऊक.

“बाबा, तुम्हीच शिकवलंत, लपण म्हणजे दिसाय नको. आन् वर पांढरं फडकं लावू? बिबट्या गावाकडनं वळसा घालून आला तर?”

“आला तर तुझी शिकार हुकंल.”

“मग?”

“मग काय... उद्या.”

“उद्या!” बयाजी उसळला. “उद्यापर्यंत त्यानं कुणाला न्हेलं म्हंजे? न्हाई बाबा. चिंधी मी बांधायचो न्हाई. बिबट्या पडू द्या, मग म्हणाल तर आख्खं धोतर फडकावतो हितं.”

“गावात सांगितलंस, कुठं बसणार ते?”

“छ्या! सांगितलं की झाली जत्रा. झाडाझाडावर माणसं चढतील बघायला.”

“घरी?”

“ओढ्याकडं चाललो म्हणालो. तेवढं पुरं.”

बाबांनी त्याच्याकडे पाहिलं.

“अजून न्हाई,” ते म्हणाले, आणि काठी टेकत निघून गेले.

बयाजीचा असा संताप झाला म्हणता! म्हाताऱ्याला स्वतःला सापडलं नाही, आणि तरी अजून न्हाई! चार कौतुकाचे शब्द बोलले असते तर यांची फकिरी काय कमी होणार होती? धुमसतच तो आत शिरला, फांदी मागं ओढून घेतली, बंदूक फटीला लावली आणि बसला.

ऊन कललं. घळीत सावली उतरली. माश्यांची घोंघों तेवढी ऐकू येत होती.

पोटात भुकेनं आग पडली होती. सकाळी त्याची बायको गिरजा भाकरी थापत होती, तोवर हा उठून गेलेला. “दोन घास खाऊन जावा,” असं ती मागून ओरडली होती. यानं मागं वळूनही पाहिलं नव्हतं.

उजेड पिवळसर झाला, मग तांबूस.

आणि डाव्या हाताला, ओढ्याच्या अंगाला, करवंदीत काहीतरी हललं.

वळसा घालून आला लेकाचा! गावाकडनंच आला! बरं झालं, चिंधी बांधली नाही. त्यानं बंदूक इंचाइंचानं डावीकडे फिरवली.

जाळी पुन्हा हलली. खाली, जमिनीलगत, पानांच्या फटीतून काहीतरी पिवळं सरकलं. थांबलं. पुन्हा पुढं सरकलं, दबकत दबकत, सरळ त्याच्याकडे.

बयाजीनं नेम धरला. पिवळं नळीच्या टोकावरच्या नेमाच्या माशीवर आलं. बोट चापावर गेलं. चाप थोडा मागं आला...

“गिरजेऽऽ! हलू नगंस! हुबी ऱ्हा!”

बाबांचा आवाज! मागच्या टेकाडावरून!

आणि ते पिवळं उभं राहिलं. दोन पायांवर. हळदी लुगडं, डोक्यावर पदर, हातात फडक्यात बांधलेली भाकरी. करवंदीच्या काट्यांतून ओणवी होऊन येणारी गिरजा. त्याची बायको. बंदुकीच्या अगदी माशीवर.

“कोण? बाबा व्हय?” ती मोठ्यांदा म्हणाली. “अवो, आमचं मालक कुठं दिसलं का?”

बयाजी चापावरचं बोट काढू लागला. ते निघेना. दुसऱ्या हातानं धरून काढावं लागलं. मग त्यानं बंदूक खाली ठेवली, अगदी अलगद, निजलेल्या पोराला ठेवावी तशी, आणि फांद्या ढकलून बाहेर पडला. सगळं लपण मोडलं. मोडू दे.

“ह्ये काय!” गिरजा दचकलीच. “हितं होता व्हय? दिसलासुदिक न्हाई!”

तो तिच्यापाशी पोचला आणि मटकन खालीच बसला. तिचे पाय धरले. काट्यांनी ओरबाडलेले पाय, धुळीनं माखलेले, धडधाकट, जिते पाय. त्याला रडू फुटलं. बाप्या माणसानं असं रडावं का, असल्या विचाराला त्याच्या मनात जागाच नव्हती.

“अवो, काय झालं? उठा की! बाबा बघत्यात!”

“तू... तू का आलीस? जनावर फिरतंय, ठावं न्हाई तुला?”

“सकाळधरनं उपाशी तुम्ही. घास उतरंना मला. ओढ्याकडं म्हणाला होता, म्हणून ओढ्याच्या कडंनं आले. चिंधी हुडकत हुडकत.”

“चिंधी...”

“व्हय की. कुठंच दिसंना. म्हटलं, अजून लांब असंल लपण. म्हणून येत ऱ्हायले पुढं.”

बयाजीनं तोंड वर केलं. काही झालं तरी हे तिच्यापासून लपवायचं नाही, एवढं त्याला त्या क्षणी कळलं.

“गिरजे, म्या तुझ्यावर नेम धरला हुता. चाप वढत हुतो.”

गिरजा आधी हसली. मग तिनं त्याच्या तोंडाकडं नीट पाहिलं, आणि तिचं हसू मावळलं. भाकरीचं गाठोडं छातीशी धरून ती उभीच राहिली. मग एकदम तिनं त्याच्या पाठीत सणसणीत धपाटा घातला, आणि लगेच त्याच पाठीवर हात ठेवून तिथंच, त्याच्याजवळ, धुळीत बसली.

“आधी खाऊन घ्या,” ती म्हणाली. “बाकीचं मग.”

दोघं टेकाडावर आली तेव्हा बाबा दगडावर बसले होते. डोकं उघडं होतं. डोक्याचा पांढरा रुमाल काठीच्या टोकाला बांधलेला, आणि काठी दोन्ही हातांनी उभी धरलेली.

गावाची पायवाट नेमकी तिथूनच येते. वाटेवरून येणारा प्रत्येक जण तो रुमाल आधी बघणार. ओढ्याच्या कडेनं मात्र कुणी येईल, असं त्यांच्याही मनात आलं नव्हतं. करवंदीत शिरलेलं हळदी लुगडं दिसायलाही त्या थकल्या डोळ्यांना उशीर लागला होता.

“बाबा,” बयाजी म्हणाला, “तुम्ही दुपारधरनं हितंच?”

“चिंधीला घरी जाता येतंय व्हय?”

बयाजीनं पुढं होऊन त्यांच्या हातातली काठी घेतली. बाबांनी हात मांडीवर ठेवले, बोटं उघडली, मिटली, आणि मोठ्ठा श्वास सोडला. मग तिघांनी मिळून भाकरी खाल्ली. कांदा बुक्कीनं फोडला. बयाजीला ती भाकरी अशी गोड लागली, की त्यानं फडक्याला चिकटलेले तुकडेसुद्धा वेचून खाल्ले. गिरजा मधेच त्याच्याकडं बघायची आणि डोळे पुसायची, आणि मग स्वतःशीच हसायची.

“ह्या आरडाओरड्यानं आज काय बिबट्या येत न्हाई,” बयाजी म्हणाला.

“न्हाई,” बाबा म्हणाले.

“उद्या.”

बाबांनी मान डोलावली.

दुसऱ्या दिवशी बयाजीनं मोडलेलं लपण पुन्हा बांधलं, तसंच, तितक्याच मेहनतीनं. मग दर्ग्यावर जाऊन बाबांपुढं हात पसरला. बाबांनी डोक्याचा रुमाल सोडून दिला. बयाजीनं तो फाडून दोन चिंध्या केल्या. एक वाटेच्या तोंडाला बांधली, दुसरी ओढ्याच्या अंगाला. मग चावडीवर उभा राहून, कुठं बसणार आहे ते गावाला खणखणीत आवाजात सांगितलं. झाडावर चढायला एक माणूस आला नाही. उलट कृष्णाबाई, खांद्याला पट्टी बांधलेली, दारातून म्हणाली, “जा बाबा. बायकापोरं आत घेतली आम्ही.”

दिवस कलला. बिबट्या जंगलाच्या बाजूनं आला, जनावराच्या नेहमीच्या वाटेनं. त्याला चिंधी दिसायचं कारणच नव्हतं. वासरापाशी येऊन त्यानं मान खाली घातली.

एकच बार झाला. घळ दणाणली.

मग गावाकडून आरोळ्या उठल्या, मशाली निघाल्या. धावत सुटलेलं सगळं गाव वाटेच्या तोंडाशी आलं, आणि चिंधीपाशी आपोआप थांबलं. पुढं लपण कुठं आहे ते एकालाही दिसेना. पाटील डोळे फाडफाडून बघत होते.

सगळ्यांच्या पुढं गिरजा होती. तिनं दोन्ही हात तोंडाशी नेऊन हाक मारली.

“अवोऽऽ!”

सगळ्यांनी करवंदीकडं कान लावले.

“ओऽऽ!” करवंदीतून आवाज आला. “पडला! या पुढं!”

गावाचा जीव भांड्यात पडला. पोरं नाचली, म्हाताऱ्यांनी कपाळाला हात लावून देवाचं नाव घेतलं, कुणीतरी हलगी आणायला पळालं. पाटलांनी बयाजीची पाठ थोपटली. “काय लपण बांधलंयस रं मर्दा! चार पावलांवर हुबा हुतो, दिसलं न्हाई!”

बयाजीचं तिकडं लक्षच नव्हतं. तो वाटेकडं बघत होता.

बाबा मागून येत होते, सावकाश, उघड्या डोक्यानं. चिंधीपाशी आले आणि थांबले. बयाजी गर्दीतून वाट काढत त्यांच्यासमोर गेला, वाकला, पायाला हात लावला. विचारायचं नाही असं त्यानं ठरवलं होतं. पण राहवलं नाही.

“बाबा... लपण कसं झालंय?”

बाबांनी कपाळावर आडवा हात धरला. वाऱ्यावर हलणाऱ्या चिंधीकडं पाहिलं. मग तिकडं ओढ्याच्या अंगाला, दुसरीकडं पाहिलं.

“हितनं दिसतंय,” ते म्हणाले. “जमलं.”