मार्सलाइटमधलं पाणी

"मग हा लेख छापायला पाठवू, की नको?"

नाइनियन लॉरीने दुसऱ्यांदा विचारलं.

डॉक्टर मॅक्फेल अंगणातल्या बाकावर समुद्राकडे बघत बसले होते. समुद्र दिसत नव्हताच. भर दुपारी धुक्याने सगळा किनारा गिळला होता. लाटांचा आवाज तेवढा येत होता, कुणी झोपेत कूस बदलावी तसा...

स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या त्या खेड्यात डॉक्टर एकटेच राहत. जन्मभर त्यांनी रसायनशास्त्र शिकवलं आणि सुट्ट्यांत हातोडा घेऊन कडेकपारी पालथ्या घातल्या. तीस वर्षांपूर्वी एका बेटावर त्यांना पांढरं, रेशमासारख्या तंतूंचं खनिज सापडलं. नव्या खनिजाला नाव देण्याचा मान शोधणाऱ्याचा. त्याच साली त्यांची सहा वर्षांची मुलगी मार्सली तापाने गेली होती. खनिजाचं नाव पडलं मार्सलाइट, आणि पुस्तकांतून ते रुजलंही.

नाइनियन त्यांचाच विद्यार्थी. पुढे जर्मनीत शिकून आलेला, हाताचा पक्का. आणि हे त्याला स्वतःला पुरेपूर ठाऊक होतं. त्याने मार्सलाइट नव्याने तपासलं. दुसऱ्या एका जुन्या खनिजाहून त्याचं वेगळेपण होतं ते फक्त पाण्याच्या प्रमाणात. आणि ते जास्तीचं पाणी दगडातलं नव्हतंच. वजन करण्याआधी नमुना पुरता वाळवला गेला नव्हता. समुद्रावरच्या दमट हवेची ओल दगडाच्या खात्यात धरली गेली होती. नीट वाळवल्यावर उरलं ते जुनंच खनिज; म्हणजे मार्सलाइट हे नाव पुस्तकांतून जाणार.

हे सगळं त्याने मघाशी डॉक्टरांना सांगितलं होतं. सांगताना आवाज मुद्दाम मऊ ठेवला होता. म्हातारा गयावया करील, मग आपण मोठ्या मनाने विचार करू, असं काहीसं त्याच्या मनात होतं.

डॉक्टरांनी हात पुढे केला.

"वजनांची वही दे."

त्यांनी वही डोळ्यांशी धरली. ओठ हलू लागले. धुकं अंगणात शिरलं, फाटक दिसेनासं झालं, मग गुलाबाचा ताटवा. नाइनियनला वाटलं, आता जगात हा बाक तेवढा उरला आहे, आणि एक म्हातारा, स्वतःशी आकडे पुटपुटणारा...

"दगडातल्या चुन्याचा भागाकार चुकलाय."

नाइनियनने वाकून पाहिलं. खरंच चुकला होता. त्याच्या बेरजेत शंभरातले दोन भाग कमी पडत होते. हातून थोडं सांडलं असेल, म्हणून त्याने ते सोडून दिले होते. मार्सलाइटची बाजू घेणाऱ्याला लेख खोडून काढायला तेवढी फट पुरली असती.

डॉक्टरांनी खिशातून पेन्सिल काढली. लेखातला आकडा खोडला, शेजारी बरोबर आकडा लिहिला. फट बुजली.

नाइनियनचे कान तापले. त्याने लेखाचे कागद ओढून घेतले.

"नाव राहू दे, डॉक्टर. मी हे पाठवत नाही."

डॉक्टरांनी ते कागद त्याच्या हातून सोडवले, पाकिटात घातले, पाकिटाची कड जिभेवरून फिरवून चिकटवली आणि पाकीट त्याच्या मांडीवर ठेवलं.

"टपालाची होडी चारला सुटते."

नाइनियन उठला. दोन पावलं गेला आणि थांबला.

"नमुना हाडासारखा कोरडा करा, हे तुम्हीच आम्हांला शिकवलंत. शंभर दगड तपासलेत तुम्ही, कुठे चूक नाही. मग याच दगडात तुम्हांला वेगळं काय दिसलं?"

मागे वळून पाहिलं तर डॉक्टरही धुक्यात पुसट झालेले. आवाज मात्र स्वच्छ आला...

"ती गेल्याचा निरोप आला, तेव्हा माझ्या हातात तोच होता."