यसाईच्या गोधडीचं ठिगळ

एका राज्यात यसाई नावाच्या म्हातारीकडे सात पिढ्यांची गोधडी होती. ती गोधडी पाहूनच गावोगावच्या गोधड्या शिवल्या जात. एके दिवशी कालकेतू मांत्रिक राजाला म्हणाला, "महाराज, यसाईची गोधडी ही राज्यातली थोर कलाकृती. पांघरून पांघरून तिची लक्तरं होतील." राजाला पटलं. शहाण्यांचं म्हणणं त्याला लगेच पटे.

गोधडी स्फटिकमहालात टांगली गेली. मांत्रिकाने मंत्र टाकला, "हिच्यात कधी बदल न होवो." त्याच क्षणी राज्यातल्या साऱ्या गोधड्यांची ऊब गेली. पौषाची थंडी होती. यसाईची नात भागू कुडकुडून निळी पडली. तेव्हा यसाई तडक महालाच्या दारी गेली.

दारावरची मैना म्हणाली, "तीन कामं कर. चुकलीस तर तूही खुंटीला टांगली जाशील."

"सांग लवकर. घरी पोर गारठलंय."

पहिलं काम, शंभर हुबेहूब गोधड्यांतून खरी ओळखायची. यसाईने भागूच्या दुधाचा डाग शोधला. मांत्रिकाने नकला केल्या होत्या, पण डाग त्याला घाण वाटले होते.

दुसरं काम, करणारीचं नाव सांगायचं. यसाई एकेका ठिगळावर बोट ठेवून नावं घेऊ लागली. सासू, आजेसासू, शेजारची गोदू, वाटेवरची एक परकी बाई. ऐकून ऐकून मैना दमली आणि "पुरे" म्हणाली.

तिसरं काम, गोधडीला नवं ठिगळ लावायचं. मांत्रिकाने हसून सोन्याची सुई आणि कोरं किनखापी कापड पुढे केलं. यसाईने टोचताच सुई तुटली.

यसाई कडाडली, "कोरं कापड गोधडीला चालत नाही, एवढंही ठाऊक नाही, आणि थोर काय ते तुम्ही ठरवणार! अंगावर विरलेलं द्या."

दरबारात कुणाकडेच जुनं कापड निघेना. मग राजाने खाली मान घालून भरजरी अंगरख्याआतली बंडी काढली. काखेत विरलेली, आईने शिवलेली. ती तो चोरून रोज घालत असे.

यसाईने आपल्या लोखंडी सुईने पहिला टाका घातला. मंत्र तुटला, स्फटिक तडकले, घरोघरी ऊब परतली. कालकेतू रिकाम्या खुंटीला आपोआप जाऊन लटकला.

राजाने विचारलं, "आजी, आता ही थोर राहिली का?"

"पांघरली म्हणूनच थोर झाली, महाराज. मी नेते."

घरी भागूने गोधडी गळ्यापर्यंत ओढली आणि राजाच्या ठिगळावर गरम पेज सांडली. शेजारणी हळहळल्या.

यसाई म्हणाली, "सांडू दे."