गाडीच्या मागचा पाइप

फार जुनी गोष्ट. एका बंगल्याच्या हिरवळीवर पाणी शिंपडणारी लोखंडी गाडी होती. दामू माळी रोज नळापासून नागमोडी पाइप अंथरायचा. त्याचं टोक वळवून गाडीच्या पाठीला जोडायचा आणि जोडावर सायकलच्या ट्यूबची पट्टी आवळायचा. मग गाडीचं पुढचं चाक त्याच पाइपवर ठेवून नळ सोडायचा. पाण्याच्या जोराने चाकं फिरायची आणि गाडी शिंपडत शिंपडत पाइपवरून नळाकडे निघायची.

एके सकाळी गाडी वैतागली. "पुढचा पाइप किती गुणी, मला वाट दाखवतो. मागचा मात्र नुसता ओढायला लावतो. हे लोढणं माझ्याच गळ्यात का?"

"पण बाई, पुढे मीच आहे," पाइप म्हणाला.

"मग मागे कोण आहे?"

"मागेही मीच."

गाडीला काही कळेना. एकच जण वाटही दाखवतो आणि लोंबकळतोही, हे कसं? तिने रागाने अंग झटकलं. पट्टी सुटली, मागचा पाइप गळून पडला. आता हलकं वाटलं. पुढची वाट तर स्वच्छ दिसत होती.

चाक मात्र हललं नाही.

मागे पडलेल्या टोकातून पाणी भळाभळा वाहून एकाच जागी डबकं साचलं. चिखलातून दामू आला आणि डोकं खाजवत पट्टी शोधू लागला.

"वाट समोर आहे, तरी मी थांबले कशी?" गाडीने विचारलं.

पाइप म्हणाला, "वाट तुला पुढून दिसत होती बाई. चाल मागून येत होती."