पोशा नाखव्याची भाकर

ऐका गं बायांनो, ऐका रे पोरांनो. गोष्ट इतकी जुनी आहे, की तेव्हा आपल्या वेळणखाडीवर पूल नव्हता आणि कुणाला त्याची गरजही वाटत नव्हती. खाडीवर हुकूम चालायचा तो पोशा नाखव्याचा. सोनं, रेशीम, दारू, जो काही चोरटा माल किनाऱ्याला लागायचा तो त्याच्याच माणसांच्या हातून. त्याचं गलबत वाऱ्याच्या तोंडावर चालायचं, असं म्हणतात. त्याने शीळ घातली की भरती जागच्या जागी थांबायची, असंही म्हणतात. पण तो देवमाणूस होता असं कुणी सांगायला लागलं, तर खुशाल उठून जा. फितूर झालेल्या एका माणसाला त्याने खडकाला बांधून भरतीच्या हवाली केलं होतं. आसपासची गावं त्याच्या नावाने चळाचळा कापायची.

कापत नव्हती ती एकटी चांगुणा, त्याची बायको. तिला तो फक्त घरी हवा होता. पण तो आला म्हणेपर्यंत पुन्हा दर्यावर गेलेला असायचा. वाट बघणं हाच बिचारीचा संसार. खुणेचं काम मात्र तिच्याकडे होतं. टेकडीवरच्या दोरीला हिरवं लुगडं वाळत असलं की नाखवा गलबत आत घ्यायचा, लाल दिसलं की तसाच मागे फिरायचा.

एका दुपारी फौजदार शिपाई घेऊन आला आणि चांगुणेच्या ओटीवर बसला. खूण त्याला ठाऊक नव्हती.

"नाखवीणबाई," तो म्हणाला, "आज तो येतोय, पक्की खबर आहे. त्याच्या जिवाला धक्का लागणार नाही. शिक्षा भोगेल आणि घरी येईल."

"बरं," म्हणून ती धुण्याची पाटी घेऊन टेकडीवर गेली. शीड दिसत होतं. हिरवं घातलं असतं तर संध्याकाळी तो डोळ्यांसमोर असता, बेड्यांत का होईना. पण नाखव्याला बायकोनेच धरून दिलं, असं लोक म्हणाले असते. तिने लाल घातलं. गलबत वळलं. वळताना त्याने पागोटं हलवलं, तेवढंच.

तो परत आला नाही. कुणी म्हणतं, साथीदारांनीच त्याला पाण्यात लोटलं. कुणी म्हणतं, परमुलखात नाव बदलून तो म्हातारा झाला. चांगुणा रोज हिरवं लुगडं दोरीवर वाळत घालून किनाऱ्यावर उभी राहायची, आणि भरती तिला वळसा घालून गावात यायची, असं म्हणतात. तिचे केस पांढरे झाले तरी खाडीकडे बघणं सुटलं नाही.

मग कधीतरी शेजारच्या भागीचा मुलगा चोरीत सापडला आणि तुरुंगात गेला. भागी दार लावून, तोंड लपवून बसली. चांगुणेने दार ढकललं.

"लाजतेस कशाला गं? तुझा पोरगा कुठे आहे हे तुला ठाऊक तरी आहे. माझा आत असता तर मी रोज भाकर नेली असती. जेवताना बघितलं असतं त्याला. लोकांच्या तोंडाला भ्याले आणि तेवढंही घालवलं."

त्याच दिवशी तिने भाकर थापली आणि भागीला घेऊन तालुक्याची वाट धरली.

आजही गावातलं कुणी आत गेलं, तर त्याने काय केलं ते आधी विचारत नाहीत. आधी भाकर जाते. तिला नाखव्याची भाकर म्हणतात. आणि नेणारी बाई, तो शेवटचा घास खाईपर्यंत, त्याच्यावरून नजर काढत नाही.