शेपटीचा जामीन

कोणे एके काळी, म्हणजे परवापर्यंत, काटेवन नावाचं एक जंगल होतं. तिथे कायद्याचं राज्य होतं. राजा सिंह होता, पण राज्य कायद्याचं आहे असं सिंह स्वतःच सांगायचा. मग कोण कशाला नाही म्हणेल?

एके सकाळी जंगलाचं कोठार रिकामं सापडलं. जोंधळा गेला, राखणीला बसवलेली मेंढरंही गेली. कोठार संरक्षण समितीचे अध्यक्ष तात्यासाहेब लांडगे दारात बसून दातात अडकलेली लोकर काढत होते. तेवढ्यात धुरपी सशीण पाला घेऊन तिथून चालली होती. तिच्या तोंडून निघून गेलं, "अगं बाई!"

झालं! दुपारपर्यंत दोन गुन्हे नोंदले गेले. एक लांडग्यावर, कोठाराबद्दल. दुसरा धुरपीवर, 'अगं बाई' मोठ्याने म्हणून घबराट पसरवल्याबद्दल.

हे कळताच धुरपीने पाला तिथेच टाकला. बिळात तीन पिल्लं, अजून अंगावर पिणारी. आपल्याला धरून नेलं तर त्यांना पाजणार कोण? ती धावत कोल्हे वकिलांकडे गेली.

"रडू नकोस गं," वकील म्हणाले. "अटक व्हायच्या आधीच जामीन मागायचा. भीती खरी हवी, आणि जामीनदाराने आपली शेपूट कोर्टात ठेवायला हवी. तू पळालीस तर शेपूट सरकारजमा."

"भीती तर ढीगभर आहे, वकीलसाहेब!"

कोर्टात घुबड न्यायमूर्ती होते आणि कामकाज दिवसा चालायचं, त्यामुळे सगळं शांततेत व्हायचं. आधी लांडग्याचा अर्ज निघाला.

"मायबाप, मला फार भीती वाटते हो," तात्यासाहेबांनी डोळे पुसले.

न्यायमूर्तींनी एक डोळा उघडला. "एवढा मोठा लांडगा घाबरतो, म्हणजे भीती खरीच असणार! शिवाय अर्जदाराची पाळंमुळं समाजात रुजलेली आहेत."

"निम्मा समाज तर त्यांच्या पोटातच आहे," मागून माकड पुटपुटलं. न्यायमूर्तींनी तेही अर्जदाराच्या बाजूने धरलं.

जामीनदार म्हणून पाल आली. तिने शेपूट तोडून टेबलावर ठेवली. तिचा तो धंदाच होता, महिन्याभरात नवी उगवायची. शेपूट वळवळत राहिली. "जामीनदाराची तळमळ बघा!" म्हणत न्यायमूर्तींनी जामीन मंजूर केला.

"मायबाप," लांडगा म्हणाला, "आता आलोच आहे, तर पुढच्या कोठारांचंही आत्ताच उरकून टाकू."

"रास्त आहे. म्हाताऱ्या माणसाला हेलपाटे नकोत."

मग धुरपी उभी राहिली. कानापासून नखापर्यंत थरथरत होती बिचारी.

"ससे तर पान हललं तरी घाबरतात," न्यायमूर्ती म्हणाले. "सवयीच्या भीतीला कायद्यात जागा नाही. जामीनदार?"

धुरपीचा नवरा पुढे आला आणि पाठमोरा उभा राहिला.

"शेपूट कुठाय?"

"ही काय, मायबाप."

"ही शेपूट आहे की थट्टा?"

धुरपीने पालीचे पाय धरले. "पालबाई, माझ्यासाठी एकदा..."

"अगं, उगवू तरी दे! आणि पुढच्या तिन्ही बोलून ठेवल्यात रानडुकरांनी."

"माझी लेकरं उपाशी मरतील हो!" धुरपी किंचाळली.

"घबराट पसरवण्याचा गुन्हा दुसऱ्यांदा. अर्ज नामंजूर," म्हणून न्यायमूर्ती झोपले.

तरस हवालदाराने तिला उचलून नेलं. पिल्लं तुरुंगाच्या दाराशी येऊन रडली, तर घबराट पसरवतात म्हणून त्यांनाही आत घेतलं. दुधाची सोय झाली म्हणून धुरपीने सरकारचे आभार मानले. ते ऐकून तिचा नवरा "अरे देवा" म्हणाला. तोही आत आला. मग माकड, मग खारी, मग उरलेली मेंढरं. कुणी उसासा टाकला, कुणी नुसतं तोंड उघडलं. इकडे कोठारं एकामागून एक रिकामी होत राहिली, पण आता ओरडायला बाहेर कुणी नव्हतं. जंगलात कमालीची शांतता नांदू लागली.

पुढे निवडणूक लागली आणि पंचाईत झाली. उमेदवार सगळे जामिनावर बाहेर, मतदार सगळे आत. सिंहाने तोडगा काढला आणि मतपेटीच तुरुंगात पाठवली. धुरपी तीन पिल्लं पोटाशी घेऊन रांगेत उभी राहिली.

"शिक्का कुणावर मारू हो?" तिने हळूच विचारलं.

"कुणावरही मार. मत गुप्त असतं," तरस तिच्या खांद्यावरून वाकून म्हणाला.

मतदान शंभर टक्के झालं. काटेवनातली लोकशाही इतकी बळकट झालेली पाहून शेजारच्या जंगलांनीही आता तुरुंग वाढवायला घेतले आहेत.