आरेकची दोरी

मंडळी, इकडे सावलीत या, आणि फोटो थोडा वेळ थांबवा. ही भिंत तीन हजारांहून जास्त वर्षं इथे उभी आहे, आपला चहा पचेपर्यंत ती कुठे पळून जात नाही.

समोर दिसतोय तो फॅरो. आजूबाजूच्या माणसांपेक्षा कितीतरी मोठा काढलाय. डाव्या मुठीत शत्रूचे केस, उजव्या हातात उगारलेली गदा. इजिप्तच्या देवळादेवळांतून तुम्ही असे राजे बघत आला आहात, तेव्हा याच्याकडे बघण्यात वेळ घालवू नका. खाली बघा. ज्याचे केस धरलेत त्याच्याकडे. बाकीचे शत्रू एका ठशातून काढल्यासारखे सारखे आहेत, पण याचा चेहरा वेगळा आहे. नाक जरा बसकं, एक भुवई किंचित वर. दोन्ही हात पाठीमागे आहेत आणि कोपरांच्या मधे दगडात हा गुळगुळीत खळगा पडलाय, आपल्याकडे उंबऱ्याला पडतो तसा. या वस्तीला नगा अल-हबल म्हणतात. नगा म्हणजे वाडी. हबल म्हणजे दोरी. ही वस्ती आणि हा खळगा एकाच गोष्टीतले आहेत.

मघाशी अम्म बशीरांच्या घरी काय झालं ते तुमच्या लक्षात आलं असेल. अम्म म्हणजे काका. या भिंतीचे रखवालदार तेच. आपल्या शिरीषरावांनी अगदी सहज विचारलं, "पाणी कुठून आणता तुम्ही?" त्यांना पोटाची काळजी, दुसरं काही नव्हतं. पण घरातलं सगळं बोलणं बंद पडलं, सुनेने हातातला पेला खाली ठेवला. शिरीषराव, वाईट वाटून घेऊ नका. या वस्तीत पाणी हवं तेवढं प्या, कुणी नाही म्हणणार नाही. पण ते कुठून आणलं हे इथे कुणी कुणाला विचारत नाही. का विचारत नाहीत ते सांगतो. हे सगळं अम्म बशीरांकडून ऐकलेलं आहे, माझ्या पदरचं यात फार नाही.

या राजाचं नाव वस्तीत घेत नाहीत. भिंतीवर ते जागोजागी कोरलेलं आहे, ज्याला वाचता येतं त्याने वाचावं. त्याने स्वतःची सोय चांगली करून ठेवली आहे, आपण कशाला भर घालायची, असं इथलं म्हणणं. तर हा राजा गादीवर आला तेव्हा त्याला एक देऊळ बांधायचं होतं आणि देवळाच्या भिंतीसाठी एक विजय हवा होता. उत्तरेकडचे विजय बापाने आणि आजोबाने आधीच कोरून टाकले होते. म्हणून स्वारी दक्षिणेला निघाली, कुशच्या मुलखात, म्हणजे आजच्या सुदानकडे. विजय होईल तसा तो उतरवून घ्यायला राजाने सोबत एक पाथरवट घेतला. त्याचं नाव मिनमोस. चेहरा काढण्यात त्याचा हात धरणारा दुसरा कुणी नव्हता, असं सांगतात.

कुशचे लोक समोर आलेच नाहीत. सैन्य पुढे सरकेल तसे ते मागे हटत गेले आणि जाता जाता वाटेवरच्या विहिरी बुजवत गेले. राजा रथात उभा राहून लढाईची वाट बघत होता आणि मागे त्याचे शिपाई तहानेने पडत होते. मिनमोसही तापाने मागे राहिला आणि वाळूत आडवा झाला. तिथे त्याला एका शेळ्या राखणाऱ्याने पाहिलं. त्या माणसाचं नाव आरेक.

आरेकने त्याला पखालीतलं पाणी पाजलं, पाठीवर घेतलं आणि आपल्या वस्तीवर नेलं. खडकांच्या बेचक्यात काही झोपड्या आणि एक विहीर. ही विहीर तेवढी त्यांनी बुजवली नव्हती, कारण म्हाताऱ्या माणसांना घेऊन पळता येण्यासारखं नव्हतं. आरेकच्या आईने मिनमोसला दूध पाजलं, ओल्या फडक्याने त्याचं अंग पुसलं. ताप उतरल्यावर आरेकने त्याची पखाल भरून दिली आणि सैन्याच्या वाटेला आणून सोडलं. निघताना एवढंच मागितलं, "पाणी कुठे मिळालं ते सांगू नकोस, भाऊ." मिनमोसने आपल्या देवांची शपथ घेतली.

तळावर तो पोचला तेव्हा सगळ्यांचे ओठ फुटलेले होते आणि याची पखाल टच्च भरलेली. नायकाने विचारलं, "पाणी कुठून आणलंस?"

मिनमोस गप्प राहिला. नायकाने दरडावलं, तरी गप्प राहिला. पण समोर त्याच्याच गावचे लोक पडले होते. ज्यांच्याबरोबर तो लहानपणी नदीत पोहला ते आता जिभेने रथाची चाकं चाटत होते, रात्रीचं दव कुठे राहिलं असेल म्हणून. तेव्हा त्याने हात वर केला आणि खडकांकडे बोट दाखवलं.

अम्म बशीर इथे नेहमी थांबतात आणि ऐकणाऱ्याला विचारतात, तू असतास तर काय केलं असतंस?  

सैन्याने विहीर तळापर्यंत उपसली. माणसं वाचली, हे खरंच. पण पाणी पिऊन झाल्यावर राजाच्या लक्षात आलं की रिकाम्या हाताने परत जाण्यापेक्षा हे बरं. झोपड्यांतल्या सगळ्यांचे हात कोपरांपाशी मागे बांधले आणि त्यांना उत्तरेकडे चालवत आणलं. आरेकची आई वाटेतच गेली. तिला वाळूत ढकलून सगळे पुढे निघाले. त्या संपूर्ण स्वारीत लढाई म्हणून एकही झाली नाही, म्हणे.

इथे आणल्यावर कैद्यांना देवळाच्या कामाला जुंपलं. तेव्हाची पद्धत अशी की मोठे दगड लाकडी घसरगाडीवर घालून वाळूवरून ओढत आणायचे आणि गाडीपुढे एकाने वाळूवर पाणी ओतत चालायचं. ओल्या वाळूवरून गाडी हलकी जाते. पाणी ओतायचं काम आरेकच्या वाट्याला आलं. मिनमोस परांचीवर उभा राहून भिंत घासायचा आणि खालून आरेक घागर घेऊन जायचा. मिनमोसला त्याच्याकडे बघवत नसे. आरेक त्याला एक शब्द बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं.

मग भिंतीवर विजय कोरायची आज्ञा झाली. लाल रेघांनी चित्र आखलं गेलं, काळ्या रेघांनी दुरुस्त झालं. राजाच्या मुठीत एक सरदार दाखवायचा होता. सरदार तर सापडलाच नव्हता, म्हणून त्याचा चेहरा आणि नाव मिनमोसवर सोपवलं.

आता मिनमोसची चूक कशी झाली ते नीट ऐका. त्या लोकांची श्रद्धा अशी की ज्याचा चेहरा नावासकट दगडात कोरला तो मेल्यावरही राहतो, कायमचा. राजे म्हणून तर एवढा खटाटोप करायचे. गरिबाला कोण कोरतो? त्याचं नाव त्याच्याबरोबर वाळूत जायचं. मिनमोसच्या मनाने घेतलं की आरेकची फेड करायची हीच संधी आहे. आपण त्याचं घर बुडवलं, त्याची आई घालवली. निदान त्याला मरण तरी नको. आपल्याकडे देण्यासारखं एवढंच आहे. त्याने जीव ओतून तो चेहरा कोरला, बसक्या नाकासकट, वर गेलेल्या भुवईसकट, आणि खांद्यापाशी नाव कोरलं, आरेक. दोरीही नेटकी कोरली. दोरीच्या टोकाला फूल काढायची रीत होती, तेही काढलं. कारागिराचा हात, तो कसा राहणार?

दुपारी उन्हामुळे काम थांबलं होतं, मुकादम झोपले होते. मिनमोसने आरेकला हाताला धरून भिंतीपाशी आणलं. त्या सगळ्या काळात पहिल्यांदाच त्याने त्याच्या डोळ्यांत बघितलं, असं सांगतात.

आरेकने स्वतःला कधी दगडात पाहिलं नव्हतं. त्याने आपल्या नाकावरून बोट फिरवलं, भुवईवरून फिरवलं. त्याला हसूही आलं. मग बोट खाली आलं आणि कोपरापाशी थांबलं.

"हे किती टिकेल?" त्याने विचारलं.

"कायम," मिनमोस म्हणाला. "सूर्य आहे तोवर."

"आणि दोरी?"

मिनमोसने दोरीच्या टोकाचं फूल तळव्याने झाकलं.

"मी मेल्यावर तरी सुटणार होतो रे," आरेक म्हणाला. तो ओरडला नाही, रागावला नाही. त्याने खाली बसून घागर जवळ ओढली, एवढंच.

मिनमोसने छिन्नी उचलली. "आत्ता पुसून टाकतो, सगळं पुसतो."

"पुसलंस तर मी कुठे असेन?"

हे मिनमोसला खोटं सांगता आलं नाही. कोरलेलं नाव पुसलं की माणूस या जगातून जातोच, त्या जगातूनही जातो. याच्याइतकी मोठी शिक्षा त्यांच्याकडे दुसरी नव्हती. तो म्हणाला, "मग तू कुठेच नसशील."

 "आई तिकडे शोधत असेल मला," आरेक म्हणाला. "राहू दे. दोरी तेवढी काढ."

दोरी छिन्नीने काढता येत नव्हती. फुटलेला दगड मुकादमाच्या नजरेला पडला असता, त्याने तो भाग तासून दुसऱ्याकडून नवा चेहरा कोरून घेतला असता आणि आरेक कायमचा गेला असता. मिनमोसने शब्द दिला, "हळूहळू काढतो. कुणाला कळणार नाही अशी काढतो. तू असताना काढतो."

पण तो शब्दही राहिला. थोड्याच दिवसांत देवळाचा सर्वांत मोठा दगड आणताना आरेकचा पाय ओल्या वाळूत घसरला आणि मागची गाडी थांबवता आली नाही. राजा दुसऱ्या दिवशी देऊळ बघायला यायचा होता, म्हणून वाट लगोलग साफ झाली. राजाने भिंत पाहिली. चेहरा फार जिवंत आला आहे, असं म्हणाला म्हणे.

त्या दुपारी मिनमोस गाडीच्या वाटेवर गेला. आरेकने ओतलेल्या पाण्याने वाळू खालच्या थरात अजून दमट होती. त्यातली मूठभर उचलून तो भिंतीपाशी आला आणि अंगठ्याने दोरी घासू लागला. पुढे तो रोज दुपारी यायचा. त्याची बायको मेरेत आधी त्याला बोलावून न्यायला यायची. मग ती बसून राहू लागली आणि एक दिवस तिनेही वाळू हातात घेतली. मिनमोसच्या अंगठ्याची कातडी गेली, नंतर छिन्नी धरता येईना, तसं त्याने चेहरे कोरणं सोडून दिलं. दोरी मात्र जेमतेम बोथट झाली होती. त्याने ती फार छान कोरली होती ना!

मरताना त्याने मुलांना सांगितलं, माझं नाव कुठेही कोरू नका, कबरीवर खूणही ठेवू नका. मला राहायचं नाही. दोरी तेवढी पुरी करा. म्हणून मिनमोस हे नाव तुम्हाला इजिप्तच्या कुठल्याही दगडावर या गोष्टीसह सापडणार नाही. ते या वस्तीच्या तोंडी तेवढं राहिलंय, आणि तेही शरमेने सांगितलं जातं. आम्ही त्याच्या वंशातले, असं इथे सगळेच म्हणतात. मान वर करून म्हणताना मी कुणाला पाहिलेलं नाही.

मधे राजे गेले, देव बदलले, एकदा नव्हे तर दोनदा. वस्तीत आधी चर्च आलं, मग मशीद आली. एका मौलवींनी हरकत घेतली होती म्हणे, की ही तर मूर्तिपूजा झाली. वस्तीतल्या बायकांनी सांगितलं, "पूजा कसली, काम आहे, राहिलेलं काम."  पुढे तेही एकदा येऊन घासून गेले, असं अम्म बशीर सांगतात. खरंखोटं तेच जाणोत.

आजही, नाईलला पूर यायचा त्या दिवसांत, वस्तीतलं घरटी एक माणूस नदीतून ओली वाळू मुठीत घेऊन येतं आणि इथे घासून जातं. धरण झाल्यापासून पूर येत नाही, पण लोक येतात. भिंतीला कुणी हात लावू नये म्हणून नेमलेले अम्म बशीर त्या वेळी तोंड फिरवून उभे राहतात, आणि सगळे गेले की स्वतः मूठभर वाळू घेऊन येतात.

गेल्या खेपेला मी त्यांना म्हटलं, "अम्म, आता दोरीचा मागमूस नाही. दगडात खड्डा पडला. तुमच्या आजोबांच्याही आधी कधीतरी दोरी संपली असेल. सुटला की तो. आता का घासता?"

अम्म बशीरांनी हाताची वाळू झटकली आणि मला भिंतीच्या अगदी जवळ नेलं.

"दोरी गेली, बेटा, ते आम्हालाही दिसतं," ते म्हणाले. "पण हात बघ त्याचे. अजून पाठीमागेच धरलेत त्याने. सुटलास म्हणून त्याला कसं सांगायचं, ते आमच्यापैकी कुणाला येत नाही."